मग पैसे कशाचे?

दिवाळीच्या अंकात विजेच्या बिलावर लिहिणे म्हणजे फराळाच्या ताटात कारल्याची फोड वाढण्यासारखे आहे, हे मला कळते. पण कोकणात नरकचतुर्दशीच्या पहाटे कारीट फोडून त्याची कडू चव जिभेला लावतात आणि मगच फराळाला बसतात. वाचकांनी हा लेखही तसाच चाखावा. पुढे चकल्या आहेतच.

मी चंद्रपूरचा. आयुष्यभर जिल्हा परिषदेच्या शाळांत मास्तरकी केली. नोकरीला लागलो तेव्हा गडचिरोली हा वेगळा जिल्हाही नव्हता. तो २६ ऑगस्ट १९८२ रोजी झाला. माझी पहिली शाळा एटापल्लीच्या पलीकडे, रानात. संध्याकाळ झाली की कंदिलाची काच राखेने पुसायची, वात कातरायची आणि त्या पिवळ्या वर्तुळात बसून वह्या तपासायच्या, हा माझा नित्यनेम होता. वर्तुळाच्या बाहेर साग, मोह, तेंदू आणि अंधार. त्या अंधारात काय काय असते ते रानातल्या माणसाला सांगावे लागत नाही. शहरातल्या माणसाला उजेड म्हणजे सोय वाटते. तिकडे उजेड म्हणजे पाय कुठे ठेवायचा याचे ज्ञान.

सुट्टीत घरी यावे तर चंद्रपुरात दुर्गापूरच्या बाजूला विजेचे नवे केंद्र उभे राहत होते. १९८३ पासून एकेक संच सुरू होत गेला आणि २०१६ नंतर त्याची क्षमता २९२० मेगावॉट झाली. आमच्या पायाखालचा कोळसा, आमच्या इरईचे पाणी, आणि राखही आमच्याच अंगणात. उजेड मात्र तारांवरून दूर दूर निघून जाई. रानातल्या कित्येक पाड्यांना त्यातला वाटा मिळायला पुढे अनेक वर्षे जावी लागली. ही तक्रार मी नव्याने करीत नाही. पुढे जी गोष्ट सांगायची आहे तिच्या मागचा हा पडदा आहे, एवढेच.

निवृत्तीनंतर एका वकील-मित्राच्या आग्रहाने मी लोकन्यायालयाच्या मंडळावर बसू लागलो. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने ही व्यवस्था उभी केली. मंडळावर एक न्यायाधीश, एक वकील आणि समाजातला एखादा मनुष्य असे बसतात. त्यातला ‘समाजातला मनुष्य’ मी. तडजोड झाली तर तो निवाडा दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखाच मानतात, त्यावर अपील नाही, आणि आधी भरलेले न्यायालय-शुल्क परत मिळते. बँकेचे कर्ज, अपघाताची भरपाई, नवरा-बायकोचे भांडण, आणि विजेची थकबाकी. शेवटच्या प्रकारचे गठ्ठे सर्वांत जाड असतात.

त्या दिवशी तालुक्याच्या न्यायालयात आवारातल्या कडुनिंबाखाली सकाळपासून माणसे बसली होती. दुपारी आमच्या पुढ्यात एक म्हातारी आली. धानोऱ्याकडच्या एका लहान गावातली. अंगावर धुवून विटलेले लुगडे, हातात प्लॅस्टिकच्या पिशवीत घड्या घातलेले कागद. बरोबर विधी सेवेतर्फे मिळालेली एक तरुण वकीलबाई होती. स्त्रियांना आणि अनुसूचित जमातीच्या माणसांना असा वकील फुकट मिळतो, मग उत्पन्न कितीही असो.

प्रकरण साधे होते. पावसाळ्यात वीज कोसळली आणि घरच्या भिंतीवरचे मीटर बंद पडले. कळवण्यासाठी कोणी तालुक्याला गेले नाही; नाला भरलेला होता. घरात नात बाळंत झालेली. गावातल्या एका पोराने मीटर वगळून तार सरळ जोडून दिली. एक रात्र म्हणून जोडलेली तार तीन महिने तशीच राहिली. मग तपासणी पथक आले, पंचनामा झाला, आणि कागदावर एक शब्द आला : वीजचोरी. बारा महिन्यांचा वापर धरून दुप्पट दराने नऊ हजारांच्या वर आकारणी, आणि शिवाय खटला.

पलीकडे बसलेले अभियंता भले गृहस्थ होते. ते म्हणाले, “आजी, आम्ही तीन महिन्यांचेच पैसे घेतो, व्याजही सोडतो. वर फक्त तडजोडीचे चार हजार भरा. खटला इथेच मिटला.”

चार हजार हा आकडा त्यांच्या मनचा नव्हता. २००३ च्या वीज कायद्याच्या १५२ व्या कलमात तो कोष्टक करून दिला आहे : कारखान्याला दर किलोवॉटमागे वीस हजार, दुकानाला दहा हजार, शेतीला दोन हजार, आणि इतरांना चार हजार. तडजोडीची ही सवलत माणसाला आयुष्यात एकदाच मिळते.

म्हातारीने पिशवीतून नोटा काढल्या. तेंदूपत्त्याच्या हंगामाचे पैसे होते. पण तिने त्या टेबलावर ठेवल्या नाहीत. मुठीत धरून ठेवल्या.

“पैसे देतो मी, साहेब,” ती म्हणाली. “पन त्या कागदावर चोरी लिवलं हाये, ते काढा.”

अभियंता म्हणाले, ते त्यांच्या हातात नाही. आमचे न्यायाधीश समजुतीच्या स्वरात म्हणाले, “आजी, घाबरू नका. ही रक्कम स्वीकारली की कायद्याने तुम्ही निर्दोष सुटल्यासारख्याच. तसे कलमातच लिहिले आहे.”

हे अगदी खरे आहे. तडजोडीची रक्कम स्वीकारणे म्हणजे दोषमुक्ती, असे तेच कलम सांगते. म्हातारीने ते ऐकून घेतले, थोडा विचार केला, आणि न्यायाधीशांना सोडून माझ्याकडे वळून विचारले. माझ्या टोपीवरून तिने मास्तर ओळखला असावा.

“मी चोर नाई, तर मग पैसे कायचे, गुरुजी? आन चोर आहो, तर मले सोडता कायले?”

छत्तीस वर्षे मी मुलांना प्रश्न विचारले. इतका नेमका प्रश्न मला कोणी विचारल्याचे आठवत नाही. माझ्यापाशी उत्तर नव्हते. हा लेख म्हणजे ते उत्तर शोधण्याची खटपट आहे.

आधी कोणी म्हणेल, उजेडाची चोरी होतेच कशी? दिव्याने दिवा लावला तर पहिल्याचा उजेड कमी होत नाही. आपल्या साऱ्या दिवाळीची श्रद्धा या एका अनुभवावर उभी आहे. कायद्यालाही ही अडचण पूर्वी पडली होती. दंडसंहितेतली चोरी म्हणजे जंगम वस्तू उचलून नेणे. वीज काही उचलून नेता येत नाही. म्हणून १९१० च्या वीज कायद्यात, अप्रामाणिकपणे वीज घेणे ही चोरी समजावी, असे मुद्दाम लिहावे लागले. आणि १९६० च्या दशकात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, हा गुन्हा दंडसंहितेने नव्हे तर त्या वीज कायद्याने निर्माण केला आहे. आजच्या कायद्यात तो १३५ व्या कलमात आहे. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद, किंवा दंड, किंवा दोन्ही.

पण विजेचा दिवा तेलाच्या दिव्यासारखा नाही. एकाने फुकट घेतलेली वीज दुसऱ्याच्या बिलात जाऊन बसते. शिवाय आमच्या दोन्ही जिल्ह्यांत तर तारेवर टाकलेला आकडा नुसता पैसे खात नाही, जीव खातो. रानडुकरांसाठी शेताभोवती तारेत वीज सोडतात, आणि तिला वाघ चिकटतो, बिबट्या चिकटतो, कधी शेजारच्या शेताचा मालक चिकटतो. खांबावर चढणारा लाइनमन घरी परत येतो की नाही हे अशाच कोणाच्या तरी आकड्यावर ठरते. तेव्हा ‘चोरी’ हा शब्द कायद्याने टाकून द्यावा, असे मी म्हणणार नाही. अभियंत्यांची बाजू मला पटते.

प्रश्न एवढाच की, तो शब्द कोणाला लावायचा हे कोण ठरवणार, आणि कसे.

कायद्याने याच्या दोन वाटा केल्या आहेत. एक ‘अनधिकृत वापरा’ची. कलम १२६ प्रमाणे अधिकारी आकारणी करतो, दुप्पट दराने, आणि वापर कधीपासून हे कळत नसेल तर तपासणीच्या आधीच्या बारा महिन्यांची. पटली नाही तर तीस दिवसांत कलम १२७ प्रमाणे अपील, पण निम्मी रक्कम आधी भरून. या वाटेत दिवाणी न्यायालयाला दार बंद आहे. कलम १४५ ने ते बंद केले. दुसरी वाट चोरीची, ती विशेष न्यायालयाकडे जाते. आणि साधे बिलच चुकले असेल, सरासरीने भरमसाट आले असेल, तर तिसरी वाट : ग्राहक तक्रार निवारण मंच, आणि तिथे समाधान झाले नाही तर लोकपाल, विदर्भासाठी तो नागपुरास बसतो. वीज तोडण्यापूर्वी पूर्ण पंधरा दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते, आणि बिल मान्य नसेल तर मागितलेली रक्कम किंवा मागच्या सहा महिन्यांच्या सरासरीने होणारी रक्कम, यांतली जी कमी ती, हरकत नोंदवून भरली तर वाद मिटेपर्यंत वीज तोडता येत नाही. हे सारे कायद्यात छापलेले आहे. सिरोंच्याच्या पलीकडच्या माणसाला ते माहीत नसते, एवढेच त्यात उणे.

या पहिल्या दोन वाटांच्या फाट्यावर एकच शब्द उभा आहे : ‘अप्रामाणिकपणे’. तार तीच, वीज तीच. मनात काय होते यावर वाट ठरते. आणि मनात काय होते हे पंचनाम्यात लिहिता येत नाही. ते ठरवायला साक्षी लागतात, तारखा लागतात, पाच-सहा वेळा एस. टी. ने यावे लागते, मजुरी बुडते. म्हणून तडजोड. तडजोडीत वेळ वाचतो, पैसा वाचतो, भांडण मिटते. तिची निंदा करणाऱ्याने एकदा कडुनिंबाखाली दिवसभर बसून पाहावे.

मग म्हातारीचे म्हणणे चुकले का? मला तसे वाटत नाही. दंड या शब्दात आपण चार गोष्टी एकत्र बांधतो. पहिली, जे वापरले त्याची किंमत. दुसरी, नुकसानीची भरपाई. तिसरी, पुन्हा असे करू नये म्हणून शिक्षा. आणि चौथी, नाव. म्हणजे हा मनुष्य अमुक आहे असा शिक्का. पहिल्या तिन्ही रुपयांत मोजता येतात, म्हणून त्यांच्यावर घासाघीस होऊ शकते. चौथी रुपयांत मोजता येत नाही. म्हणून तडजोडीच्या टेबलावर तिचा विषयच निघत नाही, आणि जिचा विषय निघाला नाही ती माणसाच्या पदरात तशीच राहते. तडजोडीत दोघांनीही काही सोडायचे असते. कंपनीने आकडा सोडला. म्हातारीला मात्र आपला शब्द सोडायला सांगितले. हा सौदा वरवर सारखा दिसतो. तो सारखा नाही.

कौटिल्याने दंडाचा विचार करताना सांगितले आहे की, कडक दंडाने लोक जाचतात, मऊ दंडाची कोणी पर्वा करीत नाही, आणि मान राहतो तो योग्य दंड करणाऱ्याचा. आम्ही त्या दिवशी दंड मऊ केला होता. तो योग्य आहे का, हे मात्र आम्ही विचारले नव्हते. ते एका निरक्षर बाईने विचारले.

धानोरा तालुक्यातच मेंढा नावाचे गाव आहे. लेखा-मेंढा म्हणून ते सर्वांना ठाऊक आहे. वनहक्क कायद्याखाली २००९ साली सामूहिक वनहक्क मिळवणाऱ्या देशातल्या पहिल्या गावांपैकी ते एक. त्या गावची रीत अशी की ग्रामसभेत बहुमताने निर्णय घ्यायचा नाही. सर्वांना पटेपर्यंत बोलायचे. एकालाही पटले नाही तर पुन्हा बसायचे. याला वेळ लागतो. पण मग निघणारा निर्णय कोणाच्या डोक्यावर येऊन पडत नाही. आमच्या टेबलावर तडजोड होत होती, सहमती होत नव्हती. तडजोडीत दोघे थकतात आणि थांबतात. सहमतीत काय घडले याविषयी दोघांचे एकमत होते.

तेव्हा मी न्यायाधीशांना विचारले, “पैशाचे ठरले आहे. पण काय घडले ते निवाड्यात दोन ओळींत लिहिले, तर काही हरकत आहे का?”

न्यायाधीशांनी अभियंत्यांकडे पाहिले. अभियंता थोडा वेळ कागद चाळत राहिले. मग म्हणाले, “मीटर वीज पडून बंद झाले हे आमच्याही अहवालात आहे. लिहा.”

मी लिहिले : मीटर पावसाळ्यात वीज पडून बंद झाले, घरात बाळंतीण असल्याने तार सरळ जोडली गेली, वापरलेल्या विजेचे पैसे अर्जदार देत आहे, ही रक्कम चोरीची कबुली म्हणून दिलेली नाही. वकीलबाईंनी ते म्हातारीला तिच्या गोंडी बोलीत समजावून सांगितले. तिने नोटा टेबलावर ठेवल्या, मोजून घ्यायला लावल्या, अंगठा उठवला, आणि निवाड्याची प्रत मागितली.

“गावात वाचून दाखवाव लागन,” ती म्हणाली.

इथे ही गोष्ट संपवली असती तर लेखक म्हणून माझी छाती थोडी फुगली असती. पण संध्याकाळी चंद्रपूरच्या गाडीत बसलो आणि मला स्वतःची आठवण झाली.

आमच्या घराच्या पुढच्या दोन खोल्या मी चार वर्षांपूर्वी एका शीतपेयांच्या दुकानाला भाड्याने दिल्या होत्या. आमच्याकडे उन्हाळ्यात पारा सत्तेचाळीस अंशांच्या पुढे जातो. दुकान जोरात चालते. आत दोन मोठे फ्रीज रात्रंदिवस घरघरत असतात. मीटर मात्र घरगुती, माझ्या नावावर. घरात किरकोळ धंदा करणाऱ्याला घरगुती दराची सवलत असते, पण ती काही मर्यादेपर्यंत. आमचा वापर ती मर्यादा केव्हाच ओलांडून गेला होता. हे मला माहीत होते का? होते. पहिल्या उन्हाळ्यात बिल पाहिले तेव्हाच माहीत झाले होते. भाडेकरू बिल भरीत होता, कोणी विचारीत नव्हते, मी गप्प होतो.

याला मी मनात काय नाव दिले होते? काहीच नाही. फार तर ‘राहून गेले’. कायदाही आमच्यासारख्यांशी मऊ बोलतो : अनधिकृत वापर. पण २००७ च्या दुरुस्तीनंतर, ज्या कामासाठी वीज दिली त्याहून वेगळ्या कामासाठी ती अप्रामाणिकपणे वापरणे, हेही १३५ व्या कलमात येऊन बसले आहे. म्हणजे तो फाट्यावरचा शब्द माझीही वाट पाहत होता. म्हातारीच्या घरी पंचनामा झाला. माझ्या घरी झाला नाही. तिने तीन महिने वीज घेतली ती बाळंतिणीसाठी; मी चार वर्षे घेतली ती भाड्यासाठी. आणि टेबलाच्या पलीकडे ती उभी होती, अलीकडे मी बसलो होतो.

माणूस किती लबाड असतो पाहा. हे सुचल्यावर पहिली गोष्ट मी केली ती म्हणजे कायद्याचे पुस्तक उघडले. मागची बाकी दोन वर्षांच्या पुढे मागता येत नाही, असे कुठेतरी वाचले होते. ते कलम ५६ मध्ये सापडले. सोबत अजमेरच्या वीज कंपनीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२० मध्ये दिलेला निर्णयही सापडला. तिथे एका ग्राहकाला २००९ ते २०११ या काळात चुकीच्या दराने बिले गेली होती; चूक लक्षात आल्यावर फरकाचे बिल २०१४ साली पाठवले. न्यायालय म्हणाले की, मुदत टळून गेल्यावर कंपनीला या रकमेसाठी वीज तोडता येणार नाही. पण कायद्याच्या इतर मार्गांनी ती वसूल करायला मोकळीक आहे.

मी पुस्तक मिटले. मुदत संपते ती एका हत्याराची. ऋण संपत नाही. वकील नसलेल्या माणसालाही हे कळायला हवे होते. आपल्या आजोबांच्या पिढीने सावकाराचे कर्ज कागद फाटून गेल्यावरही फेडले, ते काही कलमे वाचून नव्हे.

दुसऱ्या दिवशी मी वीज कार्यालयात गेलो. खिडकीतला कारकून माझा जुना विद्यार्थी निघाला. त्याने सगळे ऐकून घेतले आणि आवाज खाली करून म्हणाला, “गुरुजी, दर बदलायचा अर्ज द्या, पुढचं नीट होईल. मागचं कशाला उकरता? अशा अर्जाचा नमुनाही नाही आपल्याकडे.”

नमुना नव्हता, म्हणून मी साध्या कागदावर लिहून दिले. दुकान कोणत्या तारखेला सुरू झाले ते लिहिले. मला माहीत होते, हेही लिहिले. तेवढी एक ओळ लिहायला मला फार वेळ लागला. पेन दोनदा थांबले. ‘अनवधानाने’ हा सुंदर संस्कृत शब्द हाताशी होता, आणि तो लिहिला असता तर कोणी हरकत घेतली नसती. त्या क्षणी मला कळले की, म्हातारी मुठीत नोटा धरून का उभी होती. ती खोटा शब्द अंगावर घ्यायला तयार नव्हती. मी खरा शब्द अंगावर घ्यायला तयार नव्हतो.

आकारणी होऊन बिल आले, ते दुप्पट दराचे. मी ते भरले. घरात थोडी बोलणी खाल्ली. सौभाग्यवतींनी यंदा नव्या पैठणीचे नाव काढले नाही, यातच काय ते समजलो. लक्ष्मीपूजनाला वह्यांबरोबर त्या बिलाची पावतीही पाटावर ठेवली आहे.

म्हातारीच्या प्रश्नाचे उत्तर मला आता थोडे सुचते. पैसे उजेडाचे, आजी. दंड असेल तर तो मोडलेल्या भरवशाचा. आणि नाव मात्र पैशांत बसत नाही. ते जे घडले त्याप्रमाणेच लिहायला हवे, मग लिहिणारा न्यायाधीश असो की ज्याचे त्यानेच लिहायचे असो. पण तिच्या प्रश्नाचा दुसरा अर्धा भाग अजून माझ्याकडे तसाच आहे. मी चोर असेन, तर मला कोणी का सोडले?

पणत्या लावायची वेळ झाली. नात तेलाची बुधली घेऊन दारात उभी आहे.